मुदत संपलेला पहारेकरी

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

अमेरिकेतील ॲरिझोना राज्यात टूसॉन नावाचे शहर आहे. तिथल्या एका लहानशा कंपनीने अवास्ट या अँटीव्हायरस प्रोग्रामचा परवाना विकत घेतला. परवाना होता अवघ्या चौदा जणांसाठी. त्या परवान्याची संकेतावली, म्हणजे आपण जिला 'की' म्हणतो ती, कशी कोण जाणे इंटरनेटवर पोहोचली आणि एकाकडून दुसऱ्याकडे फिरू लागली. २०१२ सालच्या अखेरीस अवास्टने हिशेब जाहीर केला, तेव्हा त्या एका परवान्यावर ७,७४,६५१ लोक आपला संगणक चालवत असल्याचे दिसले. त्यांत दोनशेहून अधिक देश-प्रदेशांतले लोक होते. पोपमहाशयांच्या व्हॅटिकन सिटीतलेही दोन संगणक त्यात निघाले! कंपनीने या सगळ्यांच्या पडद्यावर एक संदेश झळकवला: आमची मोफत आवृत्ती घ्या, नाही तर पैसे भरून पुरी आवृत्ती घ्या.

या गोष्टीतली खरी गंमत आकड्यात नाही. अवास्टची घरगुती वापरासाठीची मोफत आवृत्ती २००१ पासून उपलब्ध होती. म्हणजे जी वस्तू राजरोस फुकट मिळत होती, तिची थोडी भारी प्रत मिळवण्यासाठी पावणेआठ लाख लोकांनी चोरवाट धरली होती. घराला कुलूप हवे, पण ते कुलूप चोरबाजारातून आणायचे, असा हा प्रकार झाला. 'आपल्या अँटीव्हायरसची मुदत संपली आहे' ही पाटी पडद्यावर दिसली की ती पाटी चुकवायची कशी याचा शोध आपल्याकडेही घरोघर, कार्यालयोकार्यालयी आणि सायबर कॅफेत वर्षानुवर्षे चालत आला आहे. ही सवय आली कुठून, तिच्यात धोका काय आणि तिच्यावाचून आपले भागते का, हे इतिहासाच्या आधाराने पाहू.

आधी वापरा, मग पैसे द्या

संगणकाचा प्रोग्राम 'आधी वापरून पाहा' म्हणून देण्याची पद्धत व्यापाऱ्यांच्या डोक्यातून निघालेली नाही. ती निघाली हौशी मंडळींच्या विश्वासातून. १९८२ साली अमेरिकेत अँड्र्यू फ्लुगेलमन यांनी पीसी-टॉक नावाचा प्रोग्राम लिहिला आणि जाहीर केले की, तो कोणीही घ्यावा, मित्रांना प्रत करून द्यावी, आणि उपयोगी वाटला तर मला २५ डॉलर पाठवावेत. त्याच सुमारास जिम नॉफ यांनी पीसी-फाइल हा प्रोग्राम याच रीतीने वाटला. बॉब वॉलेस यांनी पीसी-राइट हा लेखनाचा प्रोग्राम असाच दिला आणि या पद्धतीला 'शेअरवेअर' हे नाव रूढ झाले. पैसे बुडतील ही भीती होतीच. तरीही पुष्कळ लोकांनी पैसे पाठवले. वॉलेस यांचा तर त्यावर चांगला धंदा उभा राहिला.

पुढे सगळ्यांनाच एवढा विश्वास परवडेना. मग तीस दिवसांची मुदत आली, मुदतीनंतर बंद पडणारे प्रोग्राम आले. काहींनी मात्र जुना सैलपणा ठेवला. फायली आवळून लहान करणारा विनरार हा प्रोग्राम चाळीस दिवसांची मुदत सांगतो आणि ती उलटली तरी फक्त आठवण करून देत काम करत राहतो. आपल्या देशातल्या किती संगणकांवर तो असा 'चाळीस दिवसांसाठी' वर्षानुवर्षे राहिला असेल, हे ज्याचे त्याने मनात मोजावे.

अँटीव्हायरसचे मात्र तसे नाही, आणि सगळा मुद्दा इथेच आहे. विनरार ही वस्तू आहे. अडकित्ता एकदा घरात आला की दहा वर्षे सुपारी कातरतो. अँटीव्हायरस ही रोजची चाकरी आहे. आज कोणता नवा व्हायरस निघाला, त्याची खूण काय, हे कंपनीच्या प्रयोगशाळेतून दररोज, कित्येकदा दिवसातून अनेक वेळा, आपल्या संगणकाकडे पाठवले जाते. परवाना म्हणजे या निरोपांची वर्गणी. मुदत चुकवून प्रोग्राम चालू ठेवला आणि निरोप थांबले, तर पहारेकरी दारात उभा दिसतो, त्याच्या अंगावर गणवेशही असतो. त्याच्या हातातली चोरांची यादी मात्र गेल्या वर्षीची असते.

लाहोरचा 'ब्रेन' आणि पनामाची टपालपेटी

अँटीव्हायरसची कथा सुरू होते ती व्हायरसपासून. आणि आयबीएम पीसीवरचा पहिला व्हायरस म्हणून ज्याची नोंद आहे, तो आपल्या शेजारच्या लाहोरचा. १९८६ साली बासित आणि अमजद फारूक अल्वी या दोन भावांनी तो लिहिला. नाव 'ब्रेन'. त्यात त्यांनी स्वतःची नावे, दुकानाचा पत्ता आणि दूरध्वनी क्रमांकसुद्धा घातला होता. आपण तयार केलेल्या वैद्यकीय प्रोग्रामच्या चोरट्या नकला होऊ नयेत म्हणून हे केले, असे त्यांचे म्हणणे होते. पण पुढे अमेरिकी नियतकालिकांत जे वृत्तांत आले, त्यांनुसार याच दुकानातून महागड्या अमेरिकी प्रोग्रामच्या स्वस्त नकला परदेशी गिऱ्हाइकांना विकल्या जात आणि त्यांच्यासोबत ब्रेनही समुद्रापार जाई. म्हणजे पीसीवरच्या व्हायरसचा इतिहास पहिल्या पानापासूनच चोरट्या नकलांशी जोडलेला आहे. नकल थांबवण्यासाठीही तो लिहिला गेला, आणि नकलेवर बसूनच तो जगभर फिरला.

तीन वर्षांनी, डिसेंबर १९८९ मध्ये, आणखी विलक्षण प्रकार घडला. एड्स या रोगाची माहिती देणाऱ्या सुमारे वीस हजार फ्लॉपी टपालाने अनेक देशांतल्या डॉक्टरांना आणि संगणक वापरणाऱ्यांना पोहोचल्या. सोबत बारीक अक्षरात परवान्याच्या अटी होत्या. त्या वाचतो कोण? फ्लॉपी घातल्यावर संगणक नव्वदाव्या खेपेस सुरू केला की आतल्या फायलींची नावे अगम्य होऊन जात, आणि पडद्यावर फर्मान येई की प्रोग्रामचे भाडे भरण्याची वेळ झाली आहे; पनामातल्या अमुक टपालपेटीकडे १८९ डॉलर पाठवा. हे करणारा जोसेफ पॉप हा उत्क्रांतीशास्त्राचा हार्वर्डशिक्षित अभ्यासक होता. ब्रिटनमध्ये त्याच्यावर खटला उभा राहिला, पण मानसिक स्थितीमुळे तो चालवण्यास अपात्र ठरला. आज ज्याला 'रॅन्समवेअर', म्हणजे खंडणीखोर प्रोग्राम, म्हणतात त्याचा हा मूळपुरुष. त्याने वेष घेतला होता तो परवान्याची मुदत संपल्याचा, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

प्राग, कॅलिफोर्निया आणि पुणे

रोग आला तसे वैद्यही आले. १९८८ साली तेव्हाच्या चेकोस्लोव्हाकियात, प्रागच्या गणितीय यंत्रांच्या संशोधन संस्थेत काम करणाऱ्या पावेल बाउडिश यांना एका फ्लॉपीवर 'व्हिएन्ना' नावाचा व्हायरस सापडला. तो काढण्यासाठी त्यांनी प्रोग्राम लिहिला. त्यातून अवास्ट उभे राहिले. अमेरिकेत जॉन मॅकॅफी यांनी १९८७ मध्ये कंपनी काढली आणि आपला व्हायरसस्कॅन शेअरवेअर म्हणूनच वाटला. घरी वापरणाऱ्यांनी तो असाच उतरवून घ्यावा, कंपन्यांनी पैसे द्यावेत, हा त्यांचा हिशेब होता. म्हणजे 'वापरून पाहा' ही रीत अँटीव्हायरसच्या पाळण्यातली आहे.

आपल्या पुण्याचा वाटाही यात आहे. सातारा जिल्ह्यातल्या रहिमतपूरचे कैलास काटकर पुण्यात कॅल्क्युलेटर आणि नंतर संगणक दुरुस्त करत असत. त्यांचे धाकटे बंधू संजय हे मॉडर्न कॉलेजात संगणकशास्त्र शिकत होते. दुरुस्तीला येणाऱ्या यंत्रांत बिघाड यंत्राचा कमी आणि व्हायरसचा जास्त, हे दोघांच्या ध्यानात आले. १९९३ साली कॅट कॉम्प्युटर सर्व्हिसेस स्थापन झाली आणि १९९५ च्या सुमारास 'क्विक हील' बाजारात आले. २००७ मध्ये कंपनीनेही तेच नाव घेतले आणि २०१६ मध्ये तिचे समभाग शेअरबाजारात नोंदले गेले. दुरुस्तीच्या टेबलावरून सुरू झालेला हा प्रवास मराठी माणसाला अभिमान वाटावा असा आहे. पण त्यातून एक साधी गोष्टही कळते. अँटीव्हायरसच्या डब्यामागे रोज नवे नमुने तपासत बसणारी माणसे असतात, आणि त्यांचा पगार परवान्याच्या पैशांतून होतो.

आपल्याकडचा तो काळ आठवून पाहा. गल्लीबोळांत संगणक प्रशिक्षण केंद्रे निघाली होती. एकाच फ्लॉपीवरून पंचवीस विद्यार्थी काम नेत-आणत. संगणक जोडून देणारा विंडोजपासून खेळांपर्यंत सगळे 'भरून' देई आणि त्याची वेगळी किंमत असते हे गिऱ्हाइकाच्या गावीही नसे. अशा वातावरणात २६ एप्रिल १९९९ चा दिवस उजाडला. तैवानच्या चेन इंग-हाउ या विद्यार्थ्याने लिहिलेला 'सीआयएच' व्हायरस त्या दिवशी जागा झाला. चेर्नोबिलच्या दुर्घटनेची तीच तारीख, म्हणून लोक त्याला 'चेर्नोबिल' म्हणू लागले. तो हार्ड डिस्कचा आरंभीचा भाग पुसून टाकी आणि काही संगणकांत बायोसची चिपही निकामी करी. मग यंत्र सुरूच होत नसे. दक्षिण कोरिया आणि तुर्कस्तानात मोठी हानी झाली, भारतातही संगणक बंद पडले. त्याच्या प्रसाराचा एक मोठा मार्ग होता चोरट्या नकलांचा.

क्रॅकच्या पोटात काय?

मुदत चुकवण्याचे मार्ग कोणते, हे इथे सांगण्याचे कारण नाही. कुणी घड्याळ मागे सारतो, कुणी उसनी की घालतो, कुणी 'क्रॅक' नावाचा छोटा प्रोग्राम उतरवतो. यातला प्रत्येक मार्ग कसा उलटतो ते मात्र पाहू.

घड्याळ मागे सारले की संगणकाचा काळ चुकतो. बँकेचे किंवा कुठलेही सुरक्षित संकेतस्थळ उघडताना त्या स्थळाच्या प्रमाणपत्राची तारीख तपासली जाते. घड्याळच खोटे असेल तर ही तपासणी कोलमडते, इशारे येऊ लागतात आणि ते दुर्लक्षून पुढे जाण्याची सवय लागते. उसनी की कंपनीच्या ध्यानात येते आणि एके दिवशी बंद होते. ती बंद झाल्याचे आपल्याला कळेलच असे नाही.

क्रॅकची गोष्ट सर्वांत वाईट. त्यासोबतच्या सूचनांत बहुधा पहिले वाक्य असते: चालवण्यापूर्वी अँटीव्हायरस बंद करा. चोराने दारात येऊन सांगावे, 'आधी कुत्रे बांधा, मग मी कुलूप दुरुस्त करून देतो', आणि आपण ते बांधावे! शिवाय अँटीव्हायरसला संगणकात सर्वोच्च अधिकार असतात. त्याला प्रत्येक फाइल उघडता येते, कुठलाही प्रोग्राम थांबवता येतो. त्याच्याच आत कोणी अनोळखी माणसाने फेरफार केला असेल, तर कुंपणच शेत खाऊ लागते.

हे नुसते तर्क नाहीत. १९८८ च्या सुमारास अमेरिकेत रॉस ग्रीनबर्ग यांचा फ्लूशॉट हा व्हायरसरोधक प्रोग्राम लोकप्रिय होता. कोणीतरी त्याचीच 'चौथी आवृत्ती' म्हणून एक विध्वंसक बनावट प्रत पसरवली. शेवटी ग्रीनबर्ग यांना आपल्या खऱ्या प्रोग्रामचे नाव बदलावे लागले. जानेवारी २००९ मध्ये ॲपलच्या आयवर्क या प्रोग्रामची चोरटी प्रत इंटरनेटवर फिरत होती. तिच्या पोटात एक ट्रोजन होता आणि ती किमान वीस हजार जणांनी उतरवून घेतल्याचे सुरक्षा कंपनीने नोंदवले. ॲपल स्वतः त्या प्रोग्रामची तीस दिवसांची चाचणी प्रत देत होती, हे विशेष.

आणि अलीकडचे उदाहरण 'स्टॉप' ऊर्फ 'डीजेव्हीयू' या खंडणीखोर प्रोग्रामचे. २०१८ पासून तो पसरला तो मुख्यतः क्रॅक आणि की तयार करून देणाऱ्या प्रोग्रामांतून. त्याचे बळी बँका किंवा बड्या कंपन्या नव्हेत. घरचे संगणक आणि विद्यार्थी. छायाचित्रे, प्रबंध, हिशेब सारे कुलूपबंद होई आणि ९८० डॉलरची मागणी येई. बहात्तर तासांत दिल्यास निम्मे. काही वेळा सोबत पासवर्ड चोरणारा दुसरा प्रोग्रामही असे. ऑक्टोबर २०१९ मध्ये एम्सीसॉफ्ट या कंपनीने त्याच्या १४८ प्रकारांवर मोफत उतारा काढला. पण सगळ्या प्रकारांवर तो चालत नाही. वर्षाच्या परवान्याचे काही शे रुपये वाचवायला जाऊन सत्तर हजारांची मागणी, असा हा सौदा.

चोरवाट न धरणाऱ्यांनाही एक सापळा आहे. 'तुमच्या संगणकात अमुक इतके व्हायरस सापडले, ताबडतोब हे घ्या' असे भेडसावणारे बनावट अँटीव्हायरस. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने २००८ साली 'विनफिक्सर' आणि तशाच नावांचे प्रोग्राम विकणाऱ्या टोळीवर कारवाई केली, तेव्हा दहा लाखांहून अधिक ग्राहक फसल्याचे पुढे आले. तपासणीचे ते देखावे पूर्ण खोटे होते.

कायदा काय म्हणतो?

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यातील कलम ६३ब नुसार प्रोग्रामची चोरटी प्रत जाणूनबुजून वापरणे हा गुन्हा आहे. शिक्षा किमान सात दिवस ते कमाल तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड. वापर नफ्यासाठी किंवा धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद न देता पन्नास हजारांपर्यंत दंड करू शकते. २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५अ आले. कॉपीराइटचा भंग करण्याच्या हेतूने तांत्रिक कुलूप चुकवणे हाही गुन्हा ठरला. घरात पोलीस येतील अशी भीती घालण्याचा हेतू नाही. पण दुकान, दवाखाना, शाळा, पतसंस्था चालवणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावे. त्यांच्या संगणकात दुसऱ्यांची माहिती असते.

मग करावे काय?

समाधानाची गोष्ट ही की, आजच्या घडीला चोरवाटेची गरजच उरलेली नाही. मायक्रोसॉफ्टने २००९ मध्ये सिक्युरिटी इसेन्शियल्स हा अँटीव्हायरस मोफत दिला आणि २०१२ मध्ये विंडोज ८ पासून 'डिफेंडर' विंडोजमध्येच बसवला. विंडोज १० आणि ११ मध्ये तो आहेच. नव्या लॅपटॉपबरोबर एखाद्या कंपनीचा महिनाभराचा अँटीव्हायरस येतो. त्याची मुदत संपली आणि तो घ्यायचा नसेल, तर तो रीतसर काढून टाकावा. मग डिफेंडर आपोआप कामाला लागतो. मुदत संपलेला प्रोग्राम तसाच ठेवू नये.

दुसरा पर्याय नामांकित कंपन्यांच्या मोफत आवृत्त्यांचा. त्या कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावरूनच घ्याव्यात. मात्र फुकटचीही किंमत कधी कधी असते. ज्या अवास्टच्या गोष्टीने सुरुवात केली, त्याच कंपनीची जंपशॉट ही उपकंपनी वापरणाऱ्यांच्या इंटरनेट भ्रमंतीची माहिती विकत असल्याचे जानेवारी २०२० मध्ये उघड झाले. जंपशॉट बंद करावी लागली आणि २०२४ मध्ये फेडरल ट्रेड कमिशनने कंपनीला १ कोटी ६५ लाख डॉलर भरायला लावले. म्हणून मोफत प्रोग्राम बसवताना माहिती वाटून घेण्याच्या खुणा काढून टाकाव्यात.

तिसरा पर्याय सरकारी. फेब्रुवारी २०१७ मध्ये 'सायबर स्वच्छता केंद्र' सुरू झाले. 'सर्ट-इन' ही केंद्र सरकारची संस्था ते चालवते. भारतीय अँटीव्हायरस कंपन्यांच्या सहकार्याने तयार झालेली सफाईची साधने तिथे विनामूल्य मिळतात. खंडणीखोराने फायली बांधल्याच, तर पैसे देण्याआधी 'नो मोअर रॅन्सम' हे संकेतस्थळ पाहावे. डच पोलीस, युरोपोल आणि सुरक्षा कंपन्यांनी २०१६ मध्ये ते सुरू केले. आर्थिक फसवणूक झाली असेल तर १९३० या क्रमांकावर लगेच कळवावे.

आणि ज्यांना अधिक सोयी हव्यात त्यांनी परवाना विकत घ्यावा. तीन किंवा पाच संगणकांचा एकत्रित परवाना घरातल्या सगळ्यांना पुरतो. चाचणीची मुदत ही तेवढ्यासाठीच असते: आपला संगणक मंद होतो का, मदतीला माणूस मिळतो का, हे तीस दिवसांत पाहून घ्यावे आणि मग ठरवावे.

अँटीव्हायरस मात्र सर्वस्व नव्हे. १२ मे २०१७ ला 'वॉनाक्राय'ने सुमारे दीडशे देशांतले दोन लाखांहून अधिक संगणक बांधून ठेवले. ज्या फटीतून तो शिरला, तिच्यावरची दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने मार्चमध्येच दिली होती. ज्यांनी ती बसवली ते वाचले. नकली विंडोज वापरणारे पुष्कळ जण तर आपण पकडले जाऊ या भीतीने अद्ययावत करण्याची सोयच बंद ठेवतात. तेव्हा संगणक वेळच्या वेळी अद्ययावत करावा आणि महत्त्वाच्या फायलींची प्रत वेगळ्या डिस्कवर काढून ती डिस्क काढून ठेवावी. पूर्वी कधी क्रॅक चालवला असेल तर तो प्रोग्राम काढावा, पूर्ण तपासणी करावी आणि बँकेचे व ईमेलचे पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ यंत्रावरून बदलावेत.

फ्लुगेलमन यांनी १९८२ मध्ये अनोळखी लोकांवर विश्वास टाकला होता: वापरा, आवडले तर पैसे द्या. चाळीस वर्षांत त्या विश्वासाचा पुष्कळ गैरफायदा घेतला गेला. पण तो घेणाऱ्यांनी शेवटी विश्वास टाकला तरी कोणावर? क्रॅक लिहिणाऱ्या, नाव-गाव नसलेल्या माणसावर. ज्या कंपनीचे नाव, पत्ता आणि जबाबदारी ठाऊक आहे तिला काही शे रुपये देताना आपण दहादा विचार करतो. त्या निनावी माणसाच्या हाती मात्र घराच्या सगळ्या किल्ल्या एका क्लिकसरशी देऊन मोकळे होतो.